वाचून पाहिला, बरोबर आहे

वाचल्याशिवाय सही न करणारा माणूस मी उभ्या आयुष्यात एकच पाहिला, तो म्हणजे माझ्या बायकोचे मामा; आणि त्या माणसाला तोंडघशी पाडायला अख्ख्या वऱ्हाडातून एकच सही पुरली, ती माझी. झालं होतं एवढंच, की त्या दिवशी माझा चष्मा फ्रिजवर राहिला. चाळिशीचा चष्मा लागून मला तेव्हा सहा महिने झाले होते. तो लावला की मी माझ्या हेडमास्तरांसारखा दिसतो अशी माझी समजूत होती, म्हणून मी तो जमेल तिथे विसरत असे. बायको दारापर्यंत ओरडत आली होती, "अवो, चष्मा!" मी हात हलवला. असा हात हलवणारी माणसं पुढे काय काय करतात, ते सांगण्यासाठीच हे लिहायला बसलो आहे.

मामा अकोल्याला पोलिसात होते, हेडकॉन्स्टेबल म्हणून निवृत्त झाले. नोकरीतली बहुतेक वर्षं त्यांनी दंडुक्यापेक्षा बॉलपेन जास्त चालवलं. ठाण्यात पंचनामा लिहावा तो मामांनीच, असा लौकिक होता. निवृत्तीनंतर ते चांदूर रेल्वेला आपल्या घरी येऊन राहिले, पण पंचनामा काही निवृत्त झाला नाही. आमच्या घरी पाहुणे म्हणून आले असताना माझ्या हातून कप फुटला, तर चहा पुसायच्या आधी मामांनी वही काढली. "कप पांढऱ्या रंगाचा, कानास पूर्वीचा तडा. घटनास्थळाच्या पूर्वेस मिक्सर, पश्चिमेस खिडकी, उत्तरेस गॅसची शेगडी, दक्षिणेस जवाई." खाली माझ्या बायकोची आणि दुधवाल्याची पंच म्हणून सही घेतली. कौंडण्यपूरच्या जत्रेत माझ्या सासऱ्यांची एक चप्पल गेली तेव्हा हरवलेल्या चपलेचं वर्णन करण्यात अर्थ नाही म्हणून त्यांनी उरलेल्या चपलेचा पंचनामा केला होता. सासरे एका पायावर उभे आणि मामा विचारतायत, "टाच कोन्या बाजूनं झिजली, दाखवा बरं!"

त्यांचे दोन नियम होते. पहिला, पंच म्हणून बोलावलं तर नाही म्हणायचं नाही. "गावात समदे लोक तमाशा पाह्यतेत, जवाईबापू, अन् सही म्हनलं का समद्यायले शेतात काम निंघते." दुसरा नियम कोऱ्या जागेचा. मजकूर संपून कागदावर जागा उरली, तर तिथे मामा एक तिरपी रेघ मारत, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत. "कोरी जागा सोडू नये. मागून कोनी बी येते अन् काई बी भरते." ही रेघ ते सगळीकडे मारत. आमच्या लग्नपत्रिकेच्या मागे मारली. माझ्या मुलीच्या चित्रकलेच्या वहीत तिनं आकाश म्हणून सोडलेल्या जागेत मारली. पोरगी रडली, तर म्हणाले, "बेटा, मी पाऊस पाडला." आंतरदेशीय पत्रात खुशाली संपल्यावर खाली रेघ, आणि रेघेखाली "आपला मामा".

हे सगळं मी बरेच दिवस विक्षिप्तपणात जमा करत होतो. एकदा चांदूरच्या स्टेशनवर आम्ही दोघं दुपारच्या गाडीची वाट पाहत बसलो होतो. गाडी दीड तास उशिरा होती. मामा गाडीच्या वेळापत्रकातली चूक मला समजावून सांगत होते, आणि मधेच म्हणाले, "एक पंचनामा माह्या हातून चुकला." कापसाची ती वाईट वर्षं. ठाण्याच्या हद्दीत आठवड्याला एखाद्या गावातून शेतकऱ्यानं जीव दिल्याची वर्दी यायची, आणि मामांना जाऊन मृतदेहाजवळ बसून लिहावं लागायचं: अंगावर काय होतं, खिशात काय होतं, कारण काय. त्या दिवशी आणखी एका वर्दीवर जायचं होतं, ऊन चढलं होतं, गावातला कुणीसा म्हणाला, याचं पोट दुखत होतं. मामांनी कारणाच्या जागी 'पोटदुखीस कंटाळून' लिहिलं. पंचांनी न वाचता सह्या केल्या. पुढे त्या एका शब्दावर, कारणात कर्ज नाही म्हणून, सरकारी मदतीची फाइल परत आली. "त्याची बायको ठान्यात यायची. भांडाची नाई. दाराशी उभी राहून एकच इचाराची. सायेब, त्याचं पोट कवा दुखत होतं?" मग गाडी आली. मामांनी डब्यावरची पाटी दोनदा वाचली आणि चढले. त्यानंतर माझ्या मुलीच्या वहीतल्या रेघेला मी कधी हसलो नाही.

मामींना जाऊन बरीच वर्षं झाली होती. घरात मामा आणि त्यांचा एकुलता एक मुलगा गजू. गजूनं गावालगतच्या पाच एकर काळ्या जमिनीत सहा वर्षं कापूस घेतला, मग सोयाबीन घेतलं, मग परत कापूस घेतला. सातव्या वर्षी त्यानं बापाला सांगितलं, की एक तर पुण्याकडे कंपनीत जातो, नाही तर अमरावतीत धंदा टाकतो. धंदा कसला, तर हुक्का पार्लर. अकोल्याच्या पोलीस लाइनीशेजारी लहानपणी ज्याच्याबरोबर गोट्या खेळला तो सलीम त्याचा भागीदार. सलीमच्या घरात पूर्वी हुक्क्याच्या लाकडी नळ्या लेथवर कातायचं काम होतं, आता ते बंद पडलं होतं. पण हुक्का भरावा कसा ते त्याला ठाऊक होतं. गूळ, सफरचंद, पुदिना, बडीशेप. तंबाखू नाही. कॉलेजची मुलं येतील, गुडगुड करतील, धूर सोडतील, जातील.

मामा तीन दिवस बोलले नाहीत. हुक्का हा प्रकार त्यांना मुळीच आवडत नव्हता. ते साधी सुपारीही खात नसत. पण पुणं बारा तासांवर आणि अमरावती तासाभरावर, एवढा हिशेब त्यांनी केला असावा. तोंडानं मात्र तसं कधी म्हणाले नाहीत. चौथ्या दिवशी इस्त्रीचा सफारी घालून थेट अमरावतीच्या ठाण्यात गेले आणि विचारलं, हुक्क्याच्या दुकानाला परवाना कोणता लागतो? तिथला तरुण अधिकारी अदबीनं वागला. काका म्हणाला, चहा मागवला आणि म्हणाला, "परवान्याचा नमुनाच नाही काका आमच्याकडे. पण बंद करता येतं." मामांनी चहा तसाच ठेवला. "जे द्याचा अधिकार तुमाले नाई, ते काढून घ्याचा अधिकार कुठून आला?" तो म्हणाला, "वरून तोंडी सूचना आहेत." मामा म्हणाले, "तोंडी सूचनेले चतुःसीमा नसते, सायेब." घरी येऊन त्यांनी गजूला परवानगी दिली. लेखी. खाली रेघ मारून.

त्या काळात आपल्याकडे हुक्क्यावर बंदी आलेली नव्हती. तंबाखूचा कायदा होता, तो तंबाखूला लागू. मामांचं म्हणणं सरळ होतं: दुकानात तंबाखू नाही, कोवळं पोर नाही, तर पोलिसांना आत यायला मार्ग कोणता? हा मार्ग बुजवायचं काम त्यांनी स्वतःकडे घेतलं. दारावर पाटी लावली: 'येथे तंबाखू मिळत नाही, मिळणार नाही, मागू नये.' रोज सकाळच्या एसटीनं ते अमरावतीला येत आणि दाराशी स्टूल टाकून बसत. मांडीवर रजिस्टर. येणाऱ्या प्रत्येक पोराचं ओळखपत्र बघायचं, वय लिहायचं, सही घ्यायची. इथवरही ठीक होतं. पण मामांच्यातला हवालदार वयावर थांबत नसे.

"नाव? गाव?"

"दर्यापूर."

"बाप काय करते?"

"शेती."

"औंदा काय पेरलं?"

"कापूस असन..."

"असन? तुले मालूम नाई? बोंडं लागली काय? अयी त नाई पडली?"

कपाशीवरच्या अळीची चौकशी ऐकून पोरगं तिथेच चुळबुळू लागे. धूर काढायला म्हणून आलेलं, आणि दाराशी बाप भेटलेला. दहातली सहा पोरं सही करून आत जायच्या ऐवजी सही करून घरी जात. एकानं तर स्टुलाशेजारीच उभं राहून गावी फोन लावला आणि बोंडांची चौकशी करून मामांना उत्तर सांगितलं. सलीम कळवळून म्हणे, "मामूजान, तुमी अंदर तरी बसा! दरवाजावर तुमी असले त गिऱ्हाईक काहून येईन?" मामा म्हणत, "येक बी नाई आला तरी चालन, पन आलेला कायद्यात बसला पायजे." गजू गल्ल्यामागून हसायचा. बापाला रोज समोर बसलेला बघायची त्याला सवय नव्हती, नोकरीत असताना मामा घरी दिसतच नसत. माझं ऑफिस अमरावतीतच, ते सुटल्यावर मी तिथे चहाला जायचो. त्या दोघांना बघितलं की वाटायचं, धंदा बुडेल बहुतेक, पण बुडेपर्यंत मजेत चालेल.

दर महिन्याला मामा ठाण्याला एक पत्र देत: 'आमच्या दुकानास कोणते कलम लागू आहे ते कळवावे, म्हणजे पाळता येईल.' पोच मिळे, उत्तर मिळत नसे.

मग नोव्हेंबर आला. निवृत्तांनी बँकेत जाऊन आपण हयात असल्याचा दाखला द्यायचा महिना. मामांचं पेन्शनचं खातं अजून अकोल्यालाच होतं, कारण खातं बदलायच्या छापील अर्जातल्या एका वाक्याशी त्यांचा मतभेद होता. तर मामा जिवंत असल्याचं सांगायला अकोल्याला गेले, आणि त्याच दिवशी दुपारी चारला दुकानावर धाड आली.

मी होतो. अर्ध्या दिवसाची रजा टाकली होती, कारण नाक इतकं गळत होतं की फायली ओल्या होत होत्या. आत चार पोरं होती, ती मागच्या दारानं गेली. शेजारचा झेरॉक्सवाला आणि पानवाला, दोघांनाही शेतात काम निघालं. पानवाल्याला शेत नव्हतं. अधिकारी म्हणाला, "दोन पंच पाहिजेत." एक त्यांनी रस्त्यावरून धरून आणला. आणि दुसरा म्हणून, मामांचा पहिला नियम आठवून, मी छाती काढून उभा राहिलो. गजू डोळ्यांनी नको नको म्हणत होता. मला वाटलं, बिचारा घाबरला. आपलाच माणूस पंच असला तर किती बरं! मी सरकारी नोकर आहे म्हटल्यावर अधिकाऱ्यालाही बरं वाटलं. नातं त्यानं विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही.

हुक्के सात मोजले. सलीमच्या हातचं मिश्रण एका डब्यात होतं, तो डबा माझ्या नाकाखाली धरला. माझ्या नाकाखाली त्या वेळी मेलेला उंदीर धरला असता तरी मी मान डोलावली असती. मी मान डोलावली. लिहिणं संपलं. शिपाई म्हणाला, "वाचून पाहा." कागदावर मुंग्यांची रांग चालली होती. चष्मा फ्रिजवर. आता एवढ्या माणसांत, 'मला दिसत नाही, वाचून दाखवा' एवढंच म्हणायचं होतं. वाचून दाखवणं त्यांचं कामच होतं. पण मी कागद हातभर लांब धरला, डोळे डावीकडून उजवीकडे फिरवले, एकदा पान उलटून मागे जाऊन पुन्हा पाहिल्यासारखं केलं, गंभीरपणे 'हं' म्हणालो आणि सही ठोकली. हेडमास्तरांसारखी.

दुकानाला सील लागलं. संध्याकाळी मामा अकोल्याहून परस्पर आमच्याकडे आले. जिवंत असल्याचा कागद त्यांच्या खिशात होता. गजूनं पंचनाम्याची प्रत पुढे केली. मामांनी ती उभ्यानंच वाचली. मी फ्रिजवरून चष्मा आणून त्यांच्या खांद्यावरून वाचू लागलो. 'सदर डब्यातील काळपट चिकट पदार्थ आम्हा पंचांस वास घेण्यास दिला असता तो तंबाखूचाच असल्याबद्दल आमची खात्री झाली.' आणि शेवटी, 'हा पंचनामा आम्ही वाचून पाहिला, बरोबर आहे.' त्याखाली मी.

"सही तुमचीच काय, जवाईबापू?"

"हो."

"वास आला होता तमाखूचा?"

"मामा, मला सर्दी आहे. परवापासून."

"मंग वाचलं होतं?"

"चष्मा घरी होता."

मामांनी माझ्या सहीवर बोट ठेवलं आणि म्हणाले, "म्हंजे नाक नोयतं, डोये नोयते. सही तेवढी होती."

ते ओरडले असते तर बरं झालं असतं. बायको आतून म्हणाली, "मामा, हात धुवून घे, पान वाढते." गजू म्हणाला, "जाऊ द्या ना बाबा, मी पुन्याले जातो." तेव्हा मामांनी कागदाची घडी घातली आणि म्हणाले, "कुठी जाऊ नोको. तारीख लागन. दुकानात तमाखू नोयता, हे खरं हाय. खरं सिद्ध कराले थोडा टाइम लागते, बस." मी म्हणालो, "मी कोर्टात सांगीन, वाचलं नव्हतं, वास आला नव्हता. लोक म्हणतील पंच फुटला." मामांनी पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. "खोटं बोलून फुटलेले पंच म्या खंडीभर पाह्यले. खरं बोलून फुटलेला येक तरी पाहू द्या."

तारखा लागत गेल्या. प्रत्येक तारखेला मामा सफारी घालून, मी चष्मा घालून. हो, तेव्हापासून चष्मा मी आंघोळीलाही काढत नाही. कधी साहेब रजेवर, कधी डब्याचा तपासणी-अहवाल आला नाही, कधी दुसरा पंच सापडला नाही. माझं खरं बोलायचं राहूनच जात होतं. घरी मी आरशासमोर म्हणून बघायचो, "नाही साहेब, वाचलं नव्हतं." बायको म्हणायची, "आता पाठ झालं असन." दुकानाचं भाडं भरायला गजू एका गोदामात माल मोजायला जाऊ लागला. सलीम मोबाइलची कव्हरं विकू लागला. मामा मात्र रोज येत. सील लागलेल्या दारासमोर स्टूल टाकून बसत. रजिस्टर उघडं, पोरं नाहीत. चुकून एखादं जुनं पोर थांबे आणि आपणहून सांगे, "बाबा, औंदा बोंडअयीनं समदं खाल्लं." मामा ते लिहून घेत. कशाला घेत, मी विचारलं नाही.

आणि एक दिवस कायदाच आला. हुक्का पार्लर बंद, तंबाखू असो वा नसो. मी पेपर घेऊन धावत स्टुलापाशी गेलो, मामा आता काय बोलतील या भीतीनं. मामांनी बातमी पूर्ण वाचली, खालची जाहिरातही वाचली. म्हणाले, "आता अधिकार आला. आता बोलनं संपलं." एवढा काळ जो माणूस एका शब्दासाठी दाराशी बसून होता, तो त्या क्षणी उठला आणि त्यानं पाटी उतरवली. आपलं खरं होतं, हे सिद्ध व्हायच्या आतच ते बिनकामाचं झालं होतं.

सील निघून जागा मालकाला परत द्यायच्या दिवशी मामांनी वही काढली. शेवटचा पंचनामा. पंच दोन, सलीम आणि मी. 'स्टूल एक, लाकडी. पाटी एक. रजिस्टर एक, पाने भरलेली सत्तर.' गजूची बॅग दाराशीच होती, संध्याकाळच्या गाडीनं तो पुण्याला निघाला होता. मामांनी तीही लिहिली: 'प्रवासी पिशवी एक, निळी, वजनास भरलेली.' मग लिहिलं, 'गजानन, वय एकतीस, याने शेती सोडली, तसेच दुकान सोडले. कारण' आणि पेन थांबलं.

"काय लिवू, जवाईबापू?"

मी बोंडअळी म्हणणार होतो. कायदा म्हणणार होतो. माझी सही म्हणणार होतो, आणि तेच म्हणायला हवं होतं. गजू रस्त्याकडे बघत होता. सलीम हळूच म्हणाला, "छोड दो, मामूजान." मामांनी पेन बंद केलं आणि वही माझ्याकडे दिली. मी चष्मा पुसला, पहिल्या अक्षरापासून शेवटपर्यंत एकेक शब्द वाचला, आणि मगच सही केली.

घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं. थोड्या अभिमानानंच सांगितलं, की या वेळी मी वाचलं. ती भाजी निवडत होती.

"कारणाच्या जागी काय लिवलं मंग मामानं?"

"काही नाही. कोरंच ठेवलं."

तिचा हात थांबला. "अन् रेघ? रेघ नाई मारली?"

"नाही."

तिनं निवडलेली भाजी उगीच पुन्हा एकदा पाहिली आणि म्हणाली, "मंग थकला वो माहा मामा."